जिन्यात राजकारण नसतं म्हणे

योरिस इव्हेन्स ह्या डच डॉक्युमेंटरीवाल्याची वालपराइसो ह्या शहरावरची फिल्म कुठेही दाखवली की नंतरची चर्चा कशी होणार हे सांगायला ज्योतिषी लागत नाही. एक जण म्हणतो, काय भारी आहे राव, कुठलीही फ्रेम काढून भिंतीवर लावावी. लगेच दुसरा उसळतो, हाच तर प्रॉब्लेम आहे, गरिबांचे जिने, गरिबांचे दोरीवरचे कपडे, वरून फ्रेंच माणसाचं गोड गोड निवेदन, हे गरिबीला पावडर-लाली लावणं झालं, आकडे कुठायत, घरमालक कुठाय, माणसं स्वतः का बोलत नाहीत? मग पहिल्या पार्टीतलं कुणीतरी समजुतीच्या सुरात सांगतं की बाबा रे ही कविता आहे, कवितेत राजकारण शोधू नये. आणि इथून पुढे दोन्ही बाजू आपलीच वाक्यं थोडा आवाज वाढवून परत म्हणतात, चहा येतो, आणि सगळे घरी जातात. हल्ली तर शहरावरची कुठलीही जरा संथ, निवांत डॉक्युमेंटरी आली की हेच भांडण ह्याच क्रमाने होतं, फक्त शहराचं नाव बदलतं.

मला दोन्ही पार्ट्या चुकीच्या वाटतात, आणि गंमत म्हणजे दोघींची चूक एकच आहे. दोघींनीही मनात पक्कं धरलंय की फिल्म सुंदर झाली की तिच्यातलं खरं तेवढं कमी होतं. एकीला ते चालतं, दुसरीला चालत नाही, एवढाच फरक. माझं म्हणणं सरळ आहे. बंदराच्या शहराचं रोजचं जगणं दाखवायचं असेल तर काव्यात्म पद्धत ही वरून लावलेली झालर नसते, बऱ्याचदा तीच कामाची पद्धत असते, कारण अशा शहरातलं राजकारण भाषणांत कमी आणि चढण्या-उतरण्यात, ओझ्यात, वाट बघत उभं राहण्यात आणि पाणी कुठपर्यंत पोचतं ह्याच्यात जास्त असतं. आणि चढण्याचा दम हा आकड्याने कळत नाही, तो कळायला कोणाबरोबर तरी चढावं लागतं, पूर्ण वेळ, कट न करता.

फिल्म ज्यांनी पाहिली नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. वालपराइसो हे चिलीचं पॅसिफिकवरचं बंदर. पाण्यालगत एक अरुंद सपाट पट्टी आहे, तिला तिथले लोक 'प्लान' म्हणतात, तिच्यावर बँका, कचेऱ्या, दुकानं, कस्टम, गोदी, आणि पट्टी संपते ना संपते तोच टेकड्या सुरू होतात, चाळीसहून जास्त, त्यांच्यावर घरं. पोटापाण्याचं सगळं खाली आणि झोपायचं वर. मध्ये जिने, आणि रुळांवरून तिरक्या चढणाऱ्या लिफ्ट, ज्यांना तिथे आसेन्सोर म्हणतात, पहिली १८८३ साली सुरू झाली. चिली विद्यापीठाच्या बोलावण्यावरून इव्हेन्स तिथे गेला, तिथल्या फिल्म शिकणाऱ्या पोरांना हाताशी घेऊन १९६२ साली शूटिंग केलं, निवेदन क्रिस मार्कर ह्या फ्रेंच फिल्मवाल्याने लिहिलं, आणि १९६३ साली जी फिल्म झाली ती जेमतेम अर्ध्या तासाची आहे. त्या अर्ध्या तासात गोष्ट अशी काही नाही. माणसं चढतात, उतरतात, लिफ्टचा दरवाजा उघडतो, बंद होतो, एक पाय नसलेला माणूस पायऱ्या चढतो, कुणीतरी पाळलेल्या पेंग्विनला फिरायला नेतंय (हे मी रचत नाहीये), वारा सगळ्यांचे कपडे उडवतो.

आणि ह्या सगळ्यात फिल्म एक नियम सांगून टाकते, फार आवाज न करता: जेवढं वर राहाल तेवढे गरीब, कारण पाणी वर चढत नाही. आता मला सांगा, ह्याला राजकारण म्हणायचं नाही तर काय म्हणायचं? अख्ख्या शहराची वर्गरचना एका वाक्यात आली आणि त्या वाक्याच्या आधी आणि नंतर जे चढणं दाखवलंय त्याच्यामुळे ते वाक्य आपल्या गुडघ्यांपर्यंत पोचलं. हेच वाक्य एखाद्या रिपोर्टमध्ये 'उंचावरील वस्त्यांत पाणीपुरवठ्याची कमतरता' असं येतं आणि आपण पान उलटतो.

इथे मुंबईकरांना एक गोष्ट चटकन खटकायला हवी. आपल्याकडे तर उलटं आहे. मलबार हिल म्हणजे उंची म्हणजे पैसा, आणि गिरणगाव, कोळीवाडे, गोदीच्या मागच्या वस्त्या सगळ्या खाली, पावसाळ्यात पाणी तुंबणाऱ्या. अण्णा भाऊ साठ्यांनी मुंबईच्या लावणीत मलबार हिल आणि परळ समोरासमोर उभे केले ते ह्याच हिशोबाने. मग उंची चांगली की वाईट? तर उंचीला स्वतःचं काही मत नसतं. मलबार हिलवर इंग्रजांच्या काळात मोठा जलाशय बांधला गेला, हँगिंग गार्डन त्याच्याच डोक्यावर आहे, म्हणजे आपल्याकडे पाणी वर चढवलं गेलं, कारण वर राहणारे कोण होते ते माहितीये. वालपराइसोच्या वरच्या टेकड्यांसाठी ते कष्ट कुणी घेतले नाहीत. म्हणजे पाणी वर चढत नाही हा निसर्गाचा नियम नव्हेच, तो नगरपालिकेचा निर्णय आहे, आणि फिल्म जेव्हा जिना दाखवते तेव्हा ती एक निर्णय दाखवत असते ज्याच्यावर कुणाची सही दिसत नाही. सही दिसत नाही म्हणून तो शॉट नुसता 'सुंदर' ठरवायचा?

आता समोरच्यांचे मुद्दे घेतो, आणि ते मांडतात त्याच्यापेक्षा जरा नीट मांडतो, कारण खरं सांगायचं तर त्यांच्या हातात जी सगळ्यात जड वीट आहे ती ते कधी उचलतच नाहीत. ती वीट स्वतः इव्हेन्सची आहे. १९३३ साली त्याने आंरी स्टोर्कबरोबर बेल्जियममधल्या बोरिनाझ ह्या कोळसा खाणींच्या भागावर फिल्म केली, आदल्या वर्षीच्या मोठ्या संपानंतरची हलाखी, घरातून बाहेर काढलेली कुटुंबं, असं सगळं. तोपर्यंत हा माणूस पाऊस आणि पूल ह्यांच्यावरच्या देखण्या फिल्ममुळे ओळखला जात होता. आणि बोरिनाझमध्ये त्याने ठरवून देखणेपणा टाळला. चांगली सावली पडली, छान पोत दिसला, की मुद्दाम तसा शॉट घ्यायचा नाही, कारण बघणाऱ्याला खोपट्यातली घाण दिसायच्या आधी उजेड दिसेल. ह्यातून तिशीतल्या इव्हेन्सने साठीतल्या इव्हेन्सविरुद्ध साक्षच देऊन ठेवलीये. ह्याला उत्तर द्यायला हवं, हात झटकून चालणार नाही.

माझं उत्तर असं की दोन ठिकाणं वेगळी होती आणि दोन प्रश्न वेगळे होते. बोरिनाझमध्ये भांडण चालू होतं. एका बाजूला खाणमालक आणि पोलीस, दुसऱ्या बाजूला कामगार, आणि घरातलं सामान रस्त्यावर काढलं जात होतं. कुणी कुणाला काय केलं हे कॅमेऱ्यासमोर उभं होतं, तिथे सावलीचा मोह खरंच घातक. पण वालपराइसोच्या टेकडीवरची बाई बादली घेऊन चढतेय तेव्हा तिच्यावर अन्याय करणारा माणूस फ्रेममध्ये कुठून आणायचा? तिच्या शहराचं नशीब ज्यांनी ठरवलं त्यातले काही तर तिथे कधी पायही न ठेवलेले. एकोणिसाव्या शतकात अटलांटिकमधून पॅसिफिकमध्ये यायचं तर दक्षिण अमेरिकेचं टोक वळून यावं लागायचं, आणि वळसा घालून दमलेली जहाजं इथे थांबायची, इंग्रज व्यापारी, जर्मन व्यापारी, बँका, पेपर, शेअर बाजार सगळं त्या थांब्यावर उभं राहिलं. १९०६ च्या भूकंपाने शहर मोडलं, तरी ते परत उठत होतं. आणि १९१४ च्या ऑगस्टमध्ये हजारो किलोमीटर लांब पनामाचा कालवा उघडला, जहाजांना वळसा घालायची गरज उरली नाही, आणि शहराची मिळकत सरकत सरकत गेली.

कालव्यावरून आठवलं, ह्याचा उलटा अर्धा भाग आपण जगलोय. १८६९ साली सुएझ उघडला आणि मुंबई एकदम युरोपच्या जवळ आली, सहाच वर्षांनी ससून डॉक तयार, मागोमाग प्रिन्सेस डॉक, आणि मग त्या गोदीत पाठीवर गाठोडी वाहायला कोकणातून, घाटावरून माणसं. त्यातल्या कुणी सुएझचं नाव घेतलं असेल का? एका कालव्याने एक शहर फुगवलं, दुसऱ्याने दुसऱ्याची हवा काढली, आणि दोन्हीकडे राबणाऱ्याला कळलं ते एवढंच की काम मिळतंय किंवा मिळत नाहीये. बंदराच्या शहराची ही खासियत आहे, त्याचे मालक बहुतेक वेळा समुद्रापलीकडे असतात. मग अशा ठिकाणी इंटरव्ह्यू कोणाचा घेणार, कालव्याचा? आरोपी समोर नसताना त्याच्या करणीचा ठसा दाखवायचा असतो, आणि ठसा दाखवायचा म्हणजे तीच हालचाल पुन्हा पुन्हा दाखवावी लागते, लयीत बसवावी लागते. इव्हेन्स पुन्हा कवितेकडे वळला तो थकून किंवा विकला जाऊन नव्हे, प्रश्न बदलला म्हणून वळला असं मला वाटतं.

दुसरा मुद्दा माणसं बोलत नाहीत हा. हा मला सगळ्यात खरा वाटतो आणि त्याच्यातला अर्धा मी मान्य करूनच टाकतो. हलका कॅमेरा आणि त्याच्याबरोबर जुळून चालणारा टेपरेकॉर्डर ही जोडी तेव्हा नुकतीच रुळायला लागली होती, चिलीत ती नसणार, वगैरे वगैरे, हे सगळं मला माहितीये. पण ह्याच मार्करने त्याच १९६२ च्या मे महिन्यात पॅरिसच्या रस्त्यांवर माइक घेऊन लोकांना तासन् तास बोलतं केलं होतं, कपडे विकणारा, शेअर बाजारातली पोरं, नवीन घर मिळालेली बाई, सगळी. म्हणजे पॅरिसवाल्याला माइक आणि वालपराइसोवाल्यावर कॉमेंटरी. हे टोचतं. टोचायलाच पाहिजे. फिल्म कितीही आवडती असली तरी हे सारवून घेऊ नये.

पण इथून जी उडी मारली जाते ती मला मान्य नाही, की माइक दिला म्हणजे न्याय झाला. आनंद पटवर्धनांच्या 'हमारा शहर' मध्ये, १९८५ ची फिल्म, झोपड्या पाडल्या जाताहेत, माणसं भरभरून बोलताहेत, काव्य-बिव्य काही नाही, आणि तिथेच एक बाई फिल्म करणाऱ्यांनाच फैलावर घेते, तुम्ही नाव कमवायला आलात, आमचं काय होणार. पटवर्धनांचा मोठेपणा हा की त्यांनी तो भाग ठेवला. पण बघा, जो आरोप आपण फक्त सुंदर फिल्मवर करतो तोच आरोप पूर्ण बोलक्या, पूर्ण राजकीय फिल्मवर फिल्ममधल्याच बाईने केला. मग ह्या आरोपाचा सौंदर्याशी संबंध काय राहिला? तो आरोप कॅमेरा असलेल्याने कॅमेरा नसलेल्याकडे जाण्यावरचा आहे, आणि तो प्रत्येक डॉक्युमेंटरीवर कायमचा लागू आहे.

आणि माहिती असली की फिल्म प्रामाणिक होते ह्या समजुतीवर हसावं की रडावं कळत नाही, निदान आपल्या देशात तरी. १९४८ साली फिल्म्स डिव्हिजन सुरू झालं आणि पुढची कित्येक दशकं थेटरात मेन पिक्चरच्या आधी त्यांच्या रीळा दाखवणं सक्तीचं होतं. त्यात आकड्यांची कमी होती का हो? धरणाची उंची, इतके हेक्टर भिजणार, इतकी मेगावॉट वीज, आणि खाली गंभीर आवाज. सगळी माहिती बरोबर. फक्त पाण्याखाली गेलेल्या गावातला माणूस कुठे गेला ते नसायचं. पावडर-लाली आकड्यांनीही लावता येते, आणि ती जास्त वेळ टिकते कारण कुणाला संशय येत नाही. उलट त्याच सरकारी फिल्म्स डिव्हिजनच्या पैशावर मणी कौलने १९८० च्या सुमाराला मुंबईवर 'अरायव्हल' केली, शहरात येणारा माल आणि शहरात येणारी माणसं, भाजी, फळं, कापली जाणारी जनावरं, आणि कामाची वाट बघत बसलेले मजूर, सगळं एकाच नजरेने, जवळजवळ काही न बोलता. बघून झाल्यावर अंगावर जे येतं ते असं की ह्या शहराच्या लेखी आलेला माणूस आणि आलेला माल ह्यांच्यात फारसा फरक नाहीये. हे सांगायला कॉमेंटरीत किती वाक्यं लागली असती, आणि सरकारी ऑफिसने त्यातली किती ठेवली असती?

तिसरा मुद्दा पर्यटनाचा, आणि हा नवा आहे म्हणून जास्त वेळ देतो. २००३ साली वालपराइसोचा जुना भाग युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या यादीत गेला. रंगीत घरं, भिंतीवरची चित्रं, खालच्या टेकड्यांवर, विशेषतः आलेग्रे आणि कोन्सेप्सिओनवर, छोटी छोटी महागडी हॉटेलं. टीका करणारे म्हणतात की हे बघा, कविता आधी आली, मागून ब्रोशर आलं, जिना एकदा सुंदर म्हणून दाखवला की तो विकायला काढता येतो. ह्यात तथ्य आहे. इव्हेन्सच्या फिल्ममधले काही शॉट आज नुसते कापून, रंग चढवून, पियानो लावून टाकले तर एअरलाइनची जाहिरात म्हणून सहज खपतील. ससून डॉकवर २०१७ साली कलाप्रकल्प झाला, भिंतींवर मोठमोठी चित्रं आली, तेव्हा मुंबईतले जे लोक त्या वासाच्या एक किलोमीटर परिघात कधी फिरकले नव्हते ते हौसेने गेले, फोटो काढले, परत आले. मी त्याला नावं ठेवत नाही, काहीजण तरी डोळे उघडे ठेवून गेले असतील. पण ती भीती खोटी नाही एवढंच.

फक्त ह्या भीतीवर उपाय म्हणून सौंदर्यच नको म्हणणं म्हणजे पाकीटमार आहेत म्हणून खिसेच शिवून टाकणं. कविता आणि ब्रोशर ओळखता येतात, आणि ओळखायची खूण अगदी साधी आहे: सुंदर शॉटमध्ये किंमत दिसतेय का? जाहिरातीतला जिना चढताना कुणाला धाप लागत नाही. हल्ली तर ड्रोन असतो, तो सगळ्या टेकड्या दहा सेकंदात पार करतो आणि त्याला गुडघे नसतात. इव्हेन्सचा कॅमेरा लिफ्टमध्ये उभा राहतो, लिफ्ट आपल्या गतीने कुरकुरत वर जाते, वर गेल्यावरही घर आलेलं नसतं, तिथून पुढे परत जिना. लिफ्टला तिकीट आहे, आणि ज्याच्याकडे तिकिटाचे पैसे नाहीत तो बाजूच्या पायऱ्यांनी निघतो. फिल्म अर्ध्याच्या पुढे गेल्यावर बारमध्ये मारामारी होते, आरसा फुटतो, रक्त येतं आणि तोपर्यंत ब्लॅक अँड व्हाइट असलेल्या फिल्ममध्ये त्या रक्ताबरोबर रंग शिरतो, आणि मग चाचे, स्पॅनिश, इंग्रज, भूकंप, आगी असा त्या शहराचा इतिहास येतो. म्हणजे ज्या रंगीत घरांसाठी आज पर्यटक जातात तो रंग ह्या फिल्ममध्ये जखमेतून येतो. कुठल्या टुरिझम खात्याने हे पास केलं असतं?

आणि वरच्या टेकड्यांचं पुढे काय झालं तेही बघा. १२ एप्रिल २०१४ ला शहराच्या वरच्या अंगाला आग लागली, वारा होता, घळींमध्ये दाटीने बांधलेली लाकडा-पत्र्याची घरं, अरुंद रस्ते ज्यांच्यावरून बंब चढेनात, आणि वर पाणी पुरेना. पंधरा माणसं गेली, अडीच हजारांहून जास्त घरं जळाली. युनेस्कोच्या यादीतला भाग खाली होता, तो वाचला. पाणी वर चढत नाही हे बावन्न वर्षं आधी शूट केलेल्या एका 'सुंदर' फिल्ममध्ये होतं. ह्याच्यावर कुणी म्हणेल की मग फिल्मचा उपयोग काय झाला, पाइप तर आला नाही. बरोबर, नाही आला. पण नगररचनेच्या रिपोर्टांनीही आणला नाही, आणि तेव्हा आपण रिपोर्ट लिहिणं बंद करा असं म्हणत नाही. कलेकडूनच फक्त पाइपलाइनची अपेक्षा का?

आता पहिल्या पार्टीकडे वळतो, ती 'कविता आहे, राजकारण शोधू नका' वाली. हिच्यावर मी खरं तर जास्त चिडतो, कारण ही फिल्मची बाजू घेते असं दाखवून फिल्मचे दात काढते. ज्या माणसाच्या फिल्मला हे निरागस म्हणतात त्याचा हिशोब जरा बघा. डच सरकारने इव्हेन्सला डच ईस्ट इंडीजचा फिल्म कमिशनर नेमलं होतं. इंडोनेशियाने स्वातंत्र्य जाहीर केलं, डचांना वसाहत परत हवी होती, आणि १९४५ साली ह्याने राजीनामा दिला, सिडनीत राहिला आणि तिथल्या बंदरावर 'इंडोनेशिया कॉलिंग' केली, डच जहाजांवर माल चढवायला नकार देणाऱ्या गोदी कामगारांवर आणि खलाशांवर. त्या बहिष्कारात ऑस्ट्रेलियन होते, इंडोनेशियन होते, चिनी होते आणि भारतीय खलाशीही होते, आणि ते फिल्ममध्ये आहेत. फिल्म १९४६ ची, म्हणजे त्याच वर्षीची ज्याच्या फेब्रुवारीत इकडे मुंबईच्या बंदरात नाविकांनी इंग्रजांविरुद्ध उठाव केला. बंदर म्हणजे काय, तिथे कोण कोणासाठी राबतं आणि ते थांबले तर काय होतं, हे ज्याला इतकं नीट माहीत होतं तो १९६२ मध्ये टेकडीवर जाऊन नुसता उजेड टिपत होता असं मानायचं?

वालपराइसोनंतर चिलीतच त्याने १९६४ साली अध्यक्षपदाला उभ्या असलेल्या समाजवादी आयेंदेच्या प्रचाराच्या रेल्वेवर फिल्म केली. आयेंदे ती निवडणूक हरला, १९७० साली जिंकला, आणि ११ सप्टेंबर १९७३ च्या पहाटे त्याच्याविरुद्धचं बंड जिथून सुरू झालं ते वालपराइसो, तिथल्या नौदलाने आधी बंदर ताब्यात घेतलं. त्यानंतर हीच गोदी आणि तिथे उभी असलेली जहाजं कोंडवाडा म्हणून वापरली गेली. हे फिल्ममध्ये नाही, असणं शक्यच नव्हतं. पण हे माहीत असताना त्या फिल्ममधल्या नौदलाच्या गणवेशाकडे, गोदीच्या फाटकाकडे 'काय कंपोझिशन आहे' म्हणून बघत राहणं हा चक्क आळस आहे.

आणि मराठी माणसाने तरी 'कविता म्हणजे राजकारण नाही' हे बोलू नये. १९७२ साली 'गोलपीठा' आला, प्रस्तावना लिहायला बसलेल्या तेंडुलकरांना त्या वस्तीतल्या कित्येक गोष्टी ढसाळांकडून समजून घ्याव्या लागल्या, म्हणजे मुंबईतच राहणाऱ्या, पेपरात काम केलेल्या माणसाला जी मुंबई ठाऊक नव्हती ती एका कवितासंग्रहातून आली. तिथे कुणी म्हटलं का की कविता आहे, वास्तव शोधू नका? सुर्व्यांना कुणी म्हटलं का की कामगारांवर लिहायचं तर गद्यात लिहा, आकडे द्या? नाही ना? मग फिल्ममध्येच लय आली की आपल्याला संशय का येतो, आणि दुसऱ्याला तीच लय आली की झोप का लागते?

हे सगळं मी जुन्या फिल्मची वकिली करायला लिहित नाहीये, ती तिचं बघून घेईल. मला काळजी आपल्या पूर्व किनाऱ्याची आहे. १९८९ साली न्हावा शेवाचं बंदर सुरू झालं, कंटेनर तिकडे गेले, आणि मुंबईच्या जुन्या गोद्यांतलं पाठीवरचं काम बघता बघता आटलं, आता ती जमीन मोकळी कशी करायची, तिच्यावर काय बांधायचं ह्याच्या योजना येताहेत, जाताहेत. योजनेबरोबर व्हिडिओ येतोच, तुम्ही पाहिले असतील, सूर्योदय, ड्रोन, फेसाळ पाणी, जॉगिंग करणारी बाई, एक हसरी कोळीण दोन सेकंद. त्याला उत्तर म्हणून आपल्यातले प्रामाणिक लोक काय करतील तर चार तज्ज्ञांना खुर्चीत बसवून चाळीस मिनिटं बोलायला लावतील आणि मागे नकाशा. तो बघणार कोण?

मला बघायची आहे ती फिल्म अशी की पहाटे ससून डॉकवर बर्फ फोडणाऱ्याचा हात आणि कोळंबी सोलणाऱ्या बायकांचा हात (ज्यांतल्या कित्येक कोळणी नसतातच, लांबून आलेल्या असतात) एकाच लयीत बसवलेले आहेत, भाऊच्या धक्क्यावर लाँचची वाट बघणारा माणूस खरंच वाट बघतोय इतका वेळ शॉट टिकतो, आणि बघता बघता मला कळतं की त्या बाईला पैसे पाटीमागे मिळतात की दिवसाचे, आणि पाटी मोजतं कोण. उजेड कितीही सुंदर पडू दे, माझी हरकत नाही. माइक मात्र तिच्या हातात द्या, आता तो प्रत्येकाच्या खिशातल्या फोनमध्येच असतो, त्यामुळे इव्हेन्सला मी वर जी अर्धी सूट दिली ती आजच्या कुणालाही मिळणार नाही.